पहिल्या रांगेतल्या अकरा खुर्च्या

घरात तिला सगळे बटण म्हणत. चार वर्षांची असताना तिने बँडच्या गणवेशाचं एक पितळी बटण गिळलं, आणि ते बाहेर पडेपर्यंत दोन दिवस सगळं घर भांडं घेऊन तिच्या मागे फिरत होतं. बटण आलं, धुतलं गेलं, आत्याने ते पुन्हा कोटाला शिवलं आणि त्याच आठवड्यात ते एका लग्नात मिरवूनही आलं. पोरीला मात्र नाव चिकटलं ते कायमचं. पुढे तिची चित्रं मोठमोठ्या दालनांत लागली, तिच्यावर लेख आले, त्यांत ‘परिघावरच्या माणसांची दृश्यभाषा’ असली जडजंबाळ वाक्यं आली. पण ती घरी आली की काका दारातूनच ओरडायचे, “अरे, बटण आलं रे!” आणि दृश्यभाषेतली सगळी हवा तिथेच निघून जायची.

या बटणाने आता एक सिनेमा केला होता. पंचावन्न मिनिटांचा, आणि तोही स्वतःच्या वडिलांच्या बँडवर. शनिवारी सकाळी अकरा वाजता शहरातल्या मोठ्या सभागृहात तो पहिल्यांदा दाखवला जाणार होता. पहिल्या रांगेतल्या मधल्या अकरा खुर्च्यांना तिने स्वतःच्या हाताने पांढऱ्या चिठ्ठ्या लावल्या होत्या. दहा खुर्च्या वाजवणाऱ्यांच्या आणि अकरावी आत्याची. आत्या गेली कित्येक वर्षं सगळ्यांचे गणवेश शिवत होती, आणि पोटं सुटतील तसे उसवून पुन्हा शिवत होती.

त्या दिवशी बटणला एकच गोष्ट हवी होती. बक्षीस नको, लेख नको, हारतुरे तर मुळीच नकोत. बाबांनी पहिल्या रांगेत बसून सिनेमा पाहावा आणि त्यांना त्याची लाज वाटू नये, बस्स. मागणी एवढीशी, पण त्यासाठी पोरीने तीन वर्षं घासली होती.

बाबा म्हणजे बँडमास्तर. ट्रंपेट वाजवायचे, आणि सिनेमाबद्दल सुरुवातीपासून नाराज होते. “ज्यांच्या दारात वाजवून पोट भरलं, त्यांची उणीदुणी आता पडद्यावर काढायची?” असं त्यांचं म्हणणं. कॅमेऱ्यासमोर बसले, विचारलं तेवढं बोलले, पण चेहरा असा की जणू दाढदुखीचा डॉक्टर समोर बसलाय. झालेला सिनेमा पाहायला तिने दोनदा बोलावलं, दोन्ही वेळा त्यांना नेमकं ट्रंपेटला पॉलिश करायचं होतं.

या सगळ्याची सुरुवात झाली ती एका कोपरापासून. एका मैत्रिणीच्या घरी तिच्या आईबापांच्या लग्नाचा अल्बम पाहताना बटणला फोटोच्या कडेला लाल बाहीतला, सोनेरी पट्टी लावलेला एक कोपर दिसला. बाकीचा माणूस कापला गेला होता. आपल्या माणसाचा कोपर ओळखायला तोंड लागत नाही. तो बाबांचा होता.

मग ती घरोघर अल्बम मागत सुटली. लोकांनी आनंदाने दिले. आपला अल्बम कुणी हौसेने पाहायला मागतंय, हे सुख कित्येकांच्या वाट्याला प्रथमच आलं होतं. प्रत्येक घरी चहा प्यावा लागला आणि कोण कुणावर रुसलं होतं तेही ऐकावं लागलं. दोनशे सहा अल्बम झाले. बाबांचा कोपर एकशे बारा फोटोंत मिळाला, टोपी एकसष्ट फोटोंत, आणि फुगलेला अर्धा गाल फक्त एका फोटोत. अख्खा चेहरा कुठेच नाही. नवरानवरी मध्ये घ्यायची तर कडेचं कुणीतरी कापलं जाणारच, हे कबूल. पण दोनशे सहा लग्नांत दर वेळी तीच दहा माणसं कापली जावीत, याला योगायोग म्हणायला बटण तयार नव्हती, आणि मला विचाराल तर मीही नाही. तिने ते कोपर, टोप्या, ढोलाच्या कडा पुरुषभर उंच करून सभागृहाच्या दालनात टांगल्या, आणि सिनेमात त्यांचीच गोष्ट सांगितली.

शनिवारी पावणेअकराला सभागृह भरत आलं, आणि पहिल्या रांगेतल्या अकरा खुर्च्या रिकाम्याच. फोन करावा तर बँडवाल्यांचे फोन नेहमीप्रमाणे घरी. गणवेशाला खिसेच नव्हते, कारण खिशाने कोटाचा आकार बिघडतो हे आत्याचं ठाम मत, आणि आत्याच्या मतापुढे दहाच्या दहा पुरुषांनी केव्हाच हात टेकले होते.

सभागृहाचे व्यवस्थापक जवळ आले. त्यांच्या हातात मिनिटामिनिटाचा हिशेब लिहिलेला कागद होता आणि कपाळावर तेवढ्याच ओळी.

“मॅडम, अकरा म्हणजे अकरा हं. त्या खुर्च्यांवर दुसरे पाहुणे बसवू का?”

“नको. येतील ते.”

“नाही आले तर पहिली रांग बोळकी दिसेल हो.”

बाबा येणार नाहीत, हे बटणच्या मनाने एव्हाना धरलंच होतं. स्वतः नाही आले ते नाही आले, बाकीच्यांनाही अडवलं असणार. तिला राग आला, मग रडू आलं, आणि दोन्ही एकदम आल्यामुळे कुठलंच धड बाहेर पडेना.

तेवढ्यात रंगमंचाच्या मागून, कुठून तरी खालून, ट्रंपेटचा एक लांब सूर आला. सूर लावून पाहताना बाबा शेवटी तो जरासा वर उचलायचे. तिने हे जन्मल्यापासून ऐकलेलं. ती जी पळत सुटली ती पडद्यामागून, अरुंद जिन्याने, साठवणीच्या खोल्या ओलांडून थेट सभागृहाच्या स्वयंपाकघरात.

तिथे भांडी घासायच्या मोऱ्यांच्या कडेने बँडची दहाच्या दहा माणसं कडक गणवेशात ओळीने उभी होती. वाद्यं बाहेर काढलेली. काकांच्या पोटावर मोठा ढोल. आत्या भाज्या चिरायच्या टेबलावर कुणाची तरी कॉलर इस्त्री करत होती.

“बाबा! तुम्ही इथे काय करताय?”

“काय करताय म्हणजे?” बाबा वैतागले. “नऊपासून उभे आहोत. कधी सुरू करायचं, ते सांगायला एक माणूस फिरकलेला नाही. कसली तुझी व्यवस्था?”

बटणला आधी काही कळेना, मग एकदम वही आठवली. घरात एक जाड वही होती. तारीख, वेळ आणि ठिकाण असलेला कुठलाही कागद घरात आला की तो बँडचं काम म्हणून त्या वहीत चढायचा. तिने पाठवलेली छापील पत्रिका आत्याने उघडली, तारीख पाहिली, वेळ पाहिली, सभागृहाचं नाव पाहिलं, आणि उरलेला मजकूर वाचायचे कष्ट न घेता वहीत लिहून टाकलं. वहीत लिहिलं की पुढचं सगळं ठरलेलं: दोन तास आधी पोचायचं, पूर्ण गणवेशात, आणि आत शिरायचं ते मागच्या गल्लीतून, कचऱ्याच्या डब्यांशेजारच्या दाराने. याच सभागृहातल्या लग्नांना गेली तीस वर्षं ते त्याच दाराने आले होते. आज पुढच्या दाराने यायचं असेल, हे कुणाच्या स्वप्नातही आलं नव्हतं.

ती हसत सुटली. डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. “अहो बाबा, ती सुपारी नव्हती! आमंत्रण होतं! तुम्हाला सिनेमा पाहायला बोलावलंय!”

काका ढोलावरून वाकून आत्याकडे पाहू लागले. आत्याने इस्त्री उभी केली. “पत्रिकेवर तारीख होती,” ती म्हणाली. “तारीख असली की मी लिहिते.”

“मग चला ना आता वर. खुर्च्या ठेवल्यात. पहिल्या रांगेत.”

कुणी हललं नाही. सगळे बाबांकडे पाहत होते आणि बाबा ट्रंपेटकडे.

“वहीत चढली म्हणजे सुपारी,” ते म्हणाले. “आणि कामावर असताना बसायचं नसतं. तू असं कर, कधी वाजवायचं तेवढं सांग. तुझ्या सिनेमाचं म्हणशील, तर आम्ही इथून ऐकू की. सगळा आवाज येतो इथे.”

बटणचं हसू तिथेच विरलं. तीस वर्षं वरात दाराशी पोचवून ते मागे यायचे, आणि या इमारतीतलं प्रत्येक लग्न त्यांनी असंच ऐकलं होतं, मोरीशेजारी उभं राहून. एकही पाहिलं नव्हतं. आणि वाईट वाटावं असं त्यात काही आहे, हे त्यांच्या गावीही नव्हतं. तिला गलबलून आलं. पण ती बँडवाल्याची मुलगी होती. रडणाऱ्या माणसाला बाबा आधी पाणी देत आणि मग ट्रंपेट पुसायला लावत, हे तिला माहीत होतं. वेळ कुठल्याचीच नव्हती.

तेवढ्यात व्यवस्थापक धापा टाकत आले. त्यांना पाहताच बाबा ताठ झाले, टोपीला हात लावून म्हणाले, “साहेब, सुरू करू?”

“मला काय विचारता?” व्यवस्थापक दचकले. “कार्यक्रम मॅडमचा आहे. त्या सांगतील ते.”

बटणच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. “ऐकलंत ना बाबा? सुपारी तर सुपारी. मग आज यजमान कोण?”

बाबा टोपी नीट करू लागले.

“यजमान मी. यजमान सांगेल तिथे वाजवायचं, की नाही?”

“तसंच असतं,” काका मागून म्हणाले. त्यांना बरंच आधी कळलं होतं पोर कुठे निघालीय ते, आणि त्यांच्या मिशा हलायला लागल्या होत्या.

“मग ऐका. इमारतीला वळसा घालून पुढच्या मोठ्या दारातून आत यायचं. वाजवत. दालनातून मधल्या वाटेने सरळ पहिल्या रांगेपर्यंत. तिथे थांबायचं. आणि थांबल्यावर बसायचं. यजमानाने सांगितलंय म्हणून बसायचं.”

“चाल कुठली?” बाबांनी विचारलं. प्रश्न धंद्याचा होता, त्यामुळे तो त्यांच्या तोंडून आपोआप निघाला.

“परतीची.”

परतीची चाल बाबांच्या आजोबांनी बांधलेली. लग्न आटपलं, पाहुणे पांगले, की घरी चालत जाताना बँडवाले ती वाजवायचे, फक्त आपल्यासाठी. कुठल्या यजमानाने ती कधी ऐकली नव्हती, कारण ती सुरू व्हायची तेव्हा यजमानाचं दार लागलेलं असायचं. दुसऱ्यांच्या सिनेमांतली, दुसऱ्यांच्या आवडीची गाणी जन्मभर वाजवणाऱ्या या माणसांकडे स्वतःचं म्हणावं असं तेवढंच होतं.

“ती लोकांत वाजवत नाहीत,” बाबा हळू आवाजात म्हणाले.

“यजमानाची फर्माईश आहे.”

“दादा,” काका म्हणाले, “आजवर कुठल्या यजमानाला आपण नाही म्हटलंय?”

“पण हे माझ्या कागदावर नाहीये!” व्यवस्थापक कळवळून म्हणाले.

“मग लिहून घ्या की,” आत्या म्हणाली आणि कानामागची पेन्सिल काढून तिने त्यांच्या हातात दिली. बिचाऱ्यांनी खरंच लिहून घेतलं.

अकरा वाजून सहा मिनिटांनी मोठ्या दाराबाहेर परतीची चाल सुरू झाली. सातशे माणसं खुर्च्यांवरून मागे वळली. बटण दालनात काचेची दारं सताड उघडून उभी होती. दहा माणसं वाजवत पायऱ्या चढून आली, मागून आत्या इस्त्रीची पिशवी घेऊन, आणि दाराशी पोचताच तो बँड तीस वर्षांच्या सवयीने दुभंगला. पाच जण डाव्या हाताला, पाच उजव्या. दाराशी आलं की बँडने बाजूला व्हायचं आणि मधून मानाच्या माणसाला आत जाऊ द्यायचं, ही रीत. आज मधून जायला कुणीच नव्हतं. तरी ते दोन्ही बाजूंना उभे राहून वाजवतच राहिले. बाबांचे गाल फुगलेले, डोळे जमिनीवर, आणि पाय काही केल्या उचलेना.

“बाबा, आत या,” बटण म्हणाली. मग ओरडून म्हणाली. ट्रंपेटपुढे तिचा आवाज कुठला टिकायला!

दार ओलांडलं ते काकांनी. त्यांच्या पोटावर एवढा मोठा ढोल, की वाजवताना स्वतःचे पाय त्यांना कधी दिसतच नसत. दार कुठे आलं ते मला दिसलंच नाही, असं ते आजही शपथेवर सांगतात. खरंखोटं त्यांचं त्यांना ठाऊक. माझा त्यांच्या मिशांवर विश्वास नाही. ढोल आत गेला, आणि ढोलामागे पाय टाकायची सवय असलेले बाकीचे आठ जणही आत गेले. आत्याही गेली. दारात एकटे बाबा उरले. त्यांनी एक क्षण मागे पायऱ्यांकडे पाहिलं, पुढे आपल्याशिवाय निघालेली चाल ऐकली, आणि नाइलाजाने म्हणा, रागाने म्हणा, लांब ढांगा टाकत आत शिरून सगळ्यांच्या पुढे गेले. दालनात पुरुषभर उंचीचा स्वतःचा कोपर समोर आला तेव्हा त्यांचा एक सूर चुकला. बटणने तो चुकलेला पहिल्यांदाच ऐकला.

पहिल्या रांगेशी ते थांबले. बटणने हाताने खूण केली. खुर्च्या करकरल्या, आणि अकरा जण बसले. काकांना ढोल उतरवायला दोन पाहुण्यांनी मदत केली. बाबा खुर्चीच्या अगदी टोकावर, ट्रंपेट मांडीवर उभं धरून, कुणी उठवलं तर चटकन उठता यावं असे. दिवे मालवले.

बटण कडेच्या भिंतीला टेकून उभी राहिली. सिनेमा तिला पाठ होता. ती बाबांकडे पाहत राहिली. पडद्यावर कोपरांमागून कोपर येऊ लागले.

“हा माझा,” बाबा म्हणाले.

“हळू बोल,” आत्या म्हणाली.

“हाही माझाच.”

मग पडद्यावर खुद्द बाबा आले, दाढदुखीचा चेहरा घेऊन, आणि सांगू लागले. कित्येक घरी मागच्या खिडकीत बँडवाल्यांचे पेले वेगळे ठेवलेले असत, बुडाला रंगाचा ठिपका लावून, चुकून घरातल्या पेल्यांत मिसळू नयेत म्हणून. “आम्ही म्हणायचो, बरं आहे,” पडद्यावरचे बाबा म्हणाले, “शोधायला नको. पण तहान काही ठिपकेवाली नव्हती लागायची. ती त्यांच्यासारखीच लागायची.” बटणने श्वास धरला. याच जागेची तिला भीती होती.

“हे मी बोललो होतो?” बाबांनी विचारलं.

“तूच बोललास,” आत्या म्हणाली.

बाबांनी थोडा विचार केला. “बरोबर बोललो,” ते म्हणाले, आणि खुर्चीत मागे सरकून पाठ टेकून बसले.

बटणने धरलेला श्वास सोडला. तिला हवं होतं ते मिळालं होतं, त्या चार इंचांत.

शेवटी तिने सगळे तुकडे जुळवले होते. एका लग्नातला बूट, दुसऱ्यातला कोपर, तिसऱ्यातली टोपी, आणि एकुलता एक तो अर्धा गाल. कापल्याच्या कडा तशाच दिसत होत्या. तुकड्यातुकड्यांनी पडद्यावर एक अख्खा माणूस उभा राहिला, मग त्याच्या शेजारी दुसरा, असे दहा. त्यांच्यामागे प्रत्येकाचं नाव, वाजवायचं वाद्य आणि किती वर्षं वाजवलं ते. पहिल्या रांगेत बाबांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. काका मोठ्याने नाक शिंकरत होते.

दिवे लागले. मग मागून कुणीतरी टाळी वाजवली, मग दहांनी, मग सगळं सभागृह उभं राहून टाळ्या वाजवू लागलं.

आणि पहिल्या रांगेतल्या अकराच्या अकरा माना एकदम मागे वळल्या. लग्नात टाळ्या वाजल्या म्हणजे दारातून कुणीतरी मोठं माणूस आलेलं असतं, हे त्यांना पक्कं ठाऊक. बाबांनी तर टोपी घातली, ट्रंपेट उचललं, आणि मान उंच करून दाराकडे पाहू लागले, कोण आलंय, कुणासाठी वाजवायचंय. दारात कुणी नव्हतं. सातशे माणसं उभी होती आणि सगळी त्यांच्याकडेच पाहत होती.

बटण भिंत सोडून त्यांच्यापाशी आली आणि समोर उकिडवी बसली. “बाबा,” ती म्हणाली, “कुणी आलेलं नाहीये. हे तुमच्यासाठी आहे.”

बाबांनी एकदा तिच्याकडे पाहिलं, एकदा लोकांकडे. टाळ्या थांबत नव्हत्या. त्यांना काय करावं ते सुचेना. इतक्या वर्षांत हे काम कधी वहीत चढलंच नव्हतं. ते तिच्याकडे वाकले.

“आता काय करायचं असतं?” त्यांनी हळूच विचारलं.

“काही नाही. बसून राहायचं.”

“किती वेळ?”

“वाजतायत तोवर.”

बाबांनी ट्रंपेट तिच्या हातात दिलं, दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवले आणि ते बसून राहिले.